थेआ फॉन हार्बू आणि जर्मन मूकपटाची पटकथा

थेआ फॉन हार्बू हिचा जन्म २७ डिसेंबर १८८८ रोजी बव्हेरियात, हॉफ शहराजवळच्या टाउपरलिट्झ या गावी झाला. घराणे लहानशा उमराव वर्गातले. मुलीला घरी शिक्षक लावून शिकवण्याची, संगीत आणि भाषा शिकवण्याची ऐपत असलेले. थेआ लहानपणापासून लिहीत होती, पण लिहिण्यावर पोट भरेल याची खात्री कुणालाच नव्हती. स्वतःच्या कमाईवर जगायचे तर नटी व्हायचे, असे तिने ठरवले. वडिलांना ते मान्य नव्हते. तरीही १९०६ साली डुसेलडॉर्फच्या रंगभूमीवर ती उभी राहिली आणि पुढे वायमार, केम्निट्झ, आखेन अशा शहरांतल्या नाटक मंडळींत तिने कामे केली. आखेनमध्ये रुडॉल्फ क्लाइन-रॉग हा नट तिला भेटला. १९१४ साली दोघांनी लग्न केले. पुढे जर्मन मूकपटातला सर्वांत भेदक खलनायक म्हणून जो ओळखला गेला, तो हाच.

नटी म्हणून थेआ पहिल्या रांगेतली नव्हती. तिची कीर्ती कादंबऱ्यांनी आणि कथांनी केली. १९१३ साली युद्ध आणि स्त्रिया या विषयावरचा तिचा कथासंग्रह निघाला आणि महायुद्धाच्या काळात तिचे वाचक झपाट्याने वाढले. तरी रंगभूमीवरची वर्षे फुकट गेली असे म्हणता येत नाही. पात्र रंगमंचावर कुठून येते, कुठे थांबते, बोलायच्या आधी हातांचे काय करते, समोरच्याचे बोलणे ऐकताना पाठ फिरवते की नाही, हे ज्याने रोज रात्री स्वतःच्या अंगाने केलेले असते, त्याला शब्दांविना प्रसंग रचता येतो. मूकपटाच्या लेखकाला नेमके हेच हवे असते. कादंबरीकार मनातले सांगून मोकळा होतो. मूकपटात मनातले सगळे हाताला, डोळ्याला, एखाद्या वस्तूला करून दाखवावे लागते.

जर्मन मूकपट त्या काळात नाटकवाल्यांच्याच हाती होता. पाउल व्हेगेनर हा माक्स राइनहार्टच्या रंगभूमीवरचा नामांकित नट. त्याने चित्रपटात भूमिका केल्या, दिग्दर्शन केले आणि लेखनही केले. मातीच्या पुतळ्यात प्राण फुंकण्याची ज्यू दंतकथा त्याने हेनरिक गालेनच्या साथीने १९१५ साली पडद्यावर आणली आणि १९२० साली पुन्हा नव्याने केली. हा गालेनसुद्धा मूळचा नटच. दिग्दर्शक मुर्नाउच्या १९२२ च्या 'नोस्फेराटू'ची पटकथा त्याचीच. युद्धाने परदेशी चित्रपटांची वाट अडवली होती आणि डिसेंबर १९१७ मध्ये सरकार व बँकांच्या पाठबळावर उफा ही प्रचंड कंपनी उभी राहिली होती. बर्लिनला चित्रपट हवे होते, चित्रपटांना गोष्टी हव्या होत्या. थेआ याच सुमारास बर्लिनला आली.

तिला चित्रपटात आणले ते निर्माता-दिग्दर्शक यो माय याने. त्याच्या कंपनीत तिची गाठ फ्रिट्झ लांगशी पडली. लांग व्हिएन्नाचा, स्थापत्याचे शिक्षण अर्धवट टाकून चित्रकलेकडे वळलेला, युद्धात जखमी होऊन परतलेला. तोही त्या वेळी पटकथा लिहीत होता. थेआच्या १९१८ च्या 'भारतीय थडगे' या कादंबरीवरची पटकथा हे दोघांचे एकत्र केलेले मोठे काम ठरले. एश्नापूर नावाच्या काल्पनिक संस्थानाचा महाराजा एका योग्याकरवी युरोपातल्या वास्तुविशारदाला बोलावून घेतो आणि राणीसाठी भव्य स्मारक बांधायला सांगतो. राणी तर अजून जिवंत आहे. तिने एका गोऱ्या अधिकाऱ्यावर प्रेम केले, त्याची ही शिक्षा. चित्रपटात या राणीचे नाव सावित्री आहे. दिग्दर्शन आपल्याला मिळेल अशी लांगची अपेक्षा होती, पण यो मायने ते स्वतःकडे ठेवले. महाराजा झाला कोनराड फाइट, योगी झाला बेर्नहार्ट गोट्झके, आणि बर्लिनजवळच्या वोल्टर्सडॉर्फ येथे देवळे, राजवाडे, वाघांचे कुंड असा सगळा हिंदुस्थान लाकूड-प्लास्टरने उभारला गेला. १९२१ च्या शरदात हा चित्रपट दोन भागांत झळकला.

या हिंदुस्थानात हिंदुस्थान फारसा नाही. कादंबरी लिहिताना थेआने हा देश पाहिलेला नव्हता. तो तिच्यासाठी पुस्तकांतून, चित्रांतून आणि पौर्वात्य गूढतेच्या युरोपीय कल्पनेतून तयार झालेला देखावा होता. तरीही पटकथाकार म्हणून तिचे एक वैशिष्ट्य इथेच दिसते. तिची गोष्ट एखाद्या वास्तूभोवती किंवा वस्तूभोवती बांधलेली असते. जिवंत माणसासाठी बांधले जाणारे थडगे ही कल्पना एका वाक्यात सांगता येते आणि एका दृश्यात दाखवता येते. पुढच्या सगळ्या मोठ्या चित्रपटांत अशी एक वास्तू आहे.

त्याच वर्षीच्या 'थकलेला मृत्यू' या चित्रपटात ती वास्तू म्हणजे भिंत. लांगने दिग्दर्शित केलेला आणि दोघांनी मिळून लिहिलेला हा चित्रपट ६ ऑक्टोबर १९२१ रोजी बर्लिनमध्ये प्रथम दाखवला गेला. एक अनोळखी माणूस गावाबाहेर जमीन घेतो आणि तिच्याभोवती उंच भिंत बांधतो. भिंतीला दार नाही. गावात आलेल्या एका तरुण जोडप्यातला तरुण अचानक नाहीसा होतो. त्याची प्रेयसी भिंतीपाशी येते तेव्हा मेलेल्यांची रांग चालत येऊन त्या भिंतीतून आरपार आत जाताना तिला दिसते, आणि रांगेत तो असतो. आत मृत्यूचे दालन आहे. उंचच उंच मेणबत्त्यांनी भरलेले. प्रत्येक ज्योत म्हणजे एक आयुष्य. मृत्यू एका ज्योतीवर हात धरतो, ज्योत उचलतो, क्षणभर तिचे अर्भक होते आणि विझते. लगेच दुसऱ्या दृश्यात कुणी आई रडताना दिसते. संपूर्ण प्रसंगाला एकाही शब्दाची गरज नाही. मृत्यूला स्वतःच्या कामाचा कंटाळा आला आहे, तो थकला आहे, हे गोट्झकेच्या खांद्यांवरून कळते. 'भारतीय थडगे'मधला योगी आणि हा मृत्यू एकाच नटाने एकाच वर्षी केला, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

मराठी वाचकाला इथे सावित्री आठवल्याशिवाय राहत नाही. दादासाहेब फाळके यांनी १९१४ सालीच 'सत्यवान सावित्री' पडद्यावर आणली होती. नवऱ्याचे प्राण परत आणायला मृत्यूच्या मागे जाणारी स्त्री दोन्हीकडे आहे. पण सावित्री शब्दांच्या बळावर यमाला बांधून टाकते. थेआच्या नायिकेला तीन संधी मिळतात, तीन मेणबत्त्यांच्या रूपाने. खलिफांच्या काळात, व्हेनिसमध्ये आणि चीनमध्ये ती तीन वेगवेगळ्या स्त्रिया होऊन आपल्या माणसाला वाचवू पाहते आणि तिन्ही वेळा हरते. मग मृत्यू शेवटची सवलत देतो. तास संपायच्या आत दुसऱ्या कुणाचा जीव आणून दे, तुझा माणूस परत मिळेल. ती म्हाताऱ्या औषधविक्याकडे जाते, भिकाऱ्याकडे जाते, जगण्याला विटलेल्या वृद्धांकडे जाते. एकही जण तयार होत नाही. तेवढ्यात त्या वृद्धांच्या इमारतीला आग लागते, आत एक तान्हे मूल राहिलेले असते. ती आगीत शिरते. मृत्यू समोर हात पसरून उभा असतो. मूल त्याच्या हातात द्यायचे, की प्रियकर परत मिळणार. ती मूल खिडकीतून खाली आईकडे सोडते आणि स्वतः मृत्यूबरोबर जाते.

इथे पटकथेची बांधणी किती घट्ट आहे ते पाहावे. सुरुवातीला ज्योतीचे अर्भक झाले होते ते मृत्यूच्या हातात, आणि शेवटी अर्भक येते ते नायिकेच्या हातात. प्रेक्षकाने पहिले दृश्य पाहिलेले असते, म्हणून शेवटच्या निर्णयाचे वजन त्याला समजावून सांगावे लागत नाही. अशी सांधेजोड दिग्दर्शक चित्रीकरणाच्या जागी करू शकत नाही, ती आधी कागदावर व्हावी लागते. जर्मनीत सुरुवातीला या चित्रपटाचे स्वागत कोमटच झाले. फ्रान्समध्ये मात्र त्याने मने जिंकली आणि दिग्दर्शक लुई बुन्युएलने आपल्याला चित्रपटाची शक्ती यातूनच उमगली असे पुढे सांगितले. नट डग्लस फेअरबँक्सने अमेरिकेतले हक्क विकत घेतले. यातली उडत्या गालिच्याची करामत मग त्याच्या १९२४ च्या 'थीफ ऑफ बगदाद'मध्ये जगभर गाजली.

१९२२ साली ऑगस्टमध्ये थेआ आणि लांग यांनी लग्न केले. त्याच वर्षी नॉर्बर्ट जाक याच्या कादंबरीवरून तिने लिहिलेला 'डॉक्टर माबुझ, जुगारी' दोन भागांत आला. माबुझ संमोहन करतो, वेष बदलतो, शेअर बाजार पाडतो, जुगाराच्या टेबलावर माणसांना नागवतो. चलन रोज घसरत होते त्या जर्मनीला हा खलनायक ओळखीचा वाटला. भूमिका केली ती रुडॉल्फ क्लाइन-रॉगने, म्हणजे लेखिकेच्या पहिल्या नवऱ्याने. दिग्दर्शक दुसरा नवरा. तिघांनी पुढे अनेक वर्षे एकत्र काम केले.

याच काळात ती इतर दिग्दर्शकांसाठीही लिहीत होती, आणि हे बहुधा विसरले जाते. मुर्नाउसाठी १९२२ साली 'जळते शेत' आणि गेर्हार्ट हाउप्टमानच्या कथेवरचा 'फँटम', १९२४ साली 'ग्रँड ड्यूकची तिजोरी'. कार्ल थेओडोर ड्रायरच्या साथीने १९२४ साली हेर्मान बांगच्या कादंबरीवरून 'मिखाएल'. टेओडोर श्टोर्मच्या कथेवरून १९२५ साली 'ग्रीसहूसची बखर'. मुर्नाउ, ड्रायर आणि लांग या तिघांचा स्वभाव आणि शैली इतकी वेगळी असताना एकच लेखिका तिघांना पुरली, ही साधी गोष्ट नव्हे.

मूकपटाची पटकथा म्हणजे नेमके काय, हे आज स्पष्ट करायला हवे. ती संवादांची वही नव्हती. दृश्यांना ओळीने क्रमांक दिलेले असत. जागा, प्रकाश, पात्राची हालचाल, कुठे जवळून दाखवायचे, कुठे लांबून, मधल्या पाट्यांवर कोणता मजकूर येणार, हे सगळे त्यात लिहावे लागे. नेपथ्यकार त्यावरून सेट उभारत, कंपनीचा हिशेबनीस त्यावरून खर्च काढत असे. लांगचे नेपथ्यकार ओट्टो हुंटे, एरिक केट्टलहूट आणि कार्ल फोलब्रेख्ट यांना पानावरच्या वाक्यातून लाकूड, चुना आणि काच उभी करायची असे. त्यामुळे वाक्य ढोबळ असून चालत नसे.

'निबेलुंगेन' हा या पद्धतीचा मोठा नमुना. जर्मन मध्ययुगीन महाकाव्यावरचा हा चित्रपट दोन भागांत, 'सिगफ्रिड' फेब्रुवारी १९२४ मध्ये आणि 'क्रीमहिल्डचा सूड' एप्रिलमध्ये, बर्लिनच्या उफा-पालास्ट येथे प्रदर्शित झाला. थेआने त्याची विभागणी अंकांत न करता सर्गांत केली. ड्रॅगनच्या रक्तात न्हाल्याने सिगफ्रिडचे शरीर अभेद्य झाले आहे. मात्र खांद्यांच्या मधोमध एक पान पडल्याने तेवढी जागा उघडी राहिली. त्याची बायको क्रीमहिल्ड भोळेपणाने ही गोष्ट राजाचा सरदार हागेन याला सांगते, आणि नवऱ्याचे रक्षण व्हावे म्हणून त्याच्या वस्त्रावर त्या जागी सुईदोऱ्याने खूण शिवते. हातात सुई, चेहऱ्यावर माया, आणि दोऱ्याच्या प्रत्येक टाक्यासरशी नवऱ्याचा मृत्यू जवळ येतो आहे. पुढे हागेनचा भाला त्याच खुणेवर बसतो. दुसऱ्या भागात तीच क्रीमहिल्ड दगडासारखी निश्चल होते. मार्गारेटे शोनने ही भूमिका जवळपास हात न हलवता केली. पहिल्या भागातला शिवणारा हात आठवला की दुसऱ्या भागातल्या त्या निश्चलतेचा अर्थ लागतो.

या चित्रपटाच्या आरंभी तो जर्मन जनतेला अर्पण केल्याची पाटी आहे. हरलेल्या, कंगाल झालेल्या देशाला स्वतःच्या महाकाव्याने उभे करावे ही थेआची मनापासूनची इच्छा होती. या इच्छेत राष्ट्रवादाचे बीज होते आणि त्या बीजाचे पुढे काय झाले ते इतिहासाला ठाऊक आहे. मात्र १९२४ चा चित्रपट १९३३ च्या राजवटीचा जाहीरनामा म्हणून वाचणे चुकीचे ठरेल. शेवटी सगळे कुळ जळून खाक होते, सूड घेणारीही मरते. विजयाचा एकही क्षण त्या शेवटात नाही.

चित्रीकरणाच्या जागी थेआ केवळ लेखिका नव्हती. पैशाची किंमत रोज बदलत होती आणि कामगारांच्या पोटाला चिमटा बसत होता. कंपनीने खर्चाचा भार उचलून सगळ्यांना स्वस्तात गरम जेवण द्यावे यासाठी तिने आग्रह धरला. स्वयंपाकघरात बसून बायकांबरोबर बटाटे सोलणारी थेआ सहकाऱ्यांच्या आठवणींत आहे. नटांची निवड हाही तिच्या नजरेचा भाग होता. 'मेट्रोपोलिस'च्या चित्रीकरणात कामगारांच्या गर्दीत उभा असलेला गुस्टाफ फ्रोलिश तिच्या डोळ्यांत भरला आणि तोच नायक झाला.

'मेट्रोपोलिस'ची कादंबरी थेआने लिहिली आणि ती १९२६ साली छापून आली. पटकथा तिच्या हातची. चित्रीकरण २२ मे १९२५ ला सुरू झाले आणि ३० ऑक्टोबर १९२६ ला संपले. खर्च पन्नास लाख मार्कांच्या पुढे गेला आणि उफाचे कंबरडे मोडले. १० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमध्ये पहिला खेळ झाला. जमिनीवर श्रीमंतांचे मनोऱ्यांचे शहर, जमिनीखाली यंत्रे आणि त्याहूनही खाली कामगारांची वस्ती. शहराचा मालक योह फ्रेडरसन, त्याचा मुलगा फ्रेडर, कामगारांना धीर देणारी मारिया, आणि संशोधक रोटवांग. रोटवांग मारियाच्या रूपाचा यांत्रिक मानव तयार करतो आणि कामगारांना विध्वंसाकडे ढकलतो.

पाट्यांचा वापर या चित्रपटात पाहण्यासारखा आहे. कामगारांची वस्ती खोल जमिनीखाली आहे असे सांगणारी पाटी पडद्यावर वरून खाली सरकते. वरच्या श्रीमंत जगाची ओळख करून देणारी पाटी खालून वर चढते. अक्षरेच लिफ्टसारखी वागतात. त्या काळी जर्मनीत कार्ल मायरसारखे लेखक पाट्या जवळपास काढून टाकण्याच्या प्रयत्नात होते. 'शेवटचा माणूस' हा १९२४ चा मुर्नाउचा चित्रपट त्याचे उदाहरण. थेआने दुसरी वाट धरली. पाटी असू द्यायची, पण तिलाही दृश्य करायचे.

या चित्रपटाच्या पटकथेवर जेवढी टीका झाली तेवढी कदाचित दुसऱ्या कोणत्याही मूकपटाच्या पटकथेवर झाली नसेल. एच. जी. वेल्स यांनी १९२७ सालीच हा चित्रपट मूर्खपणाचा ठरवला. डोके आणि हात यांच्यात मध्यस्थी हृदयानेच करावी, हा चित्रपटाचा संदेश भाबडा आहे, यात वाद नाही. शेवटी मालक आणि मुकादम हस्तांदोलन करतात आणि कामगारांचे प्रश्न तिथेच राहतात. लांगनेही म्हातारपणी या शेवटाशी आपले नाते तोडले. समीक्षक क्राकाउअरने १९४७ साली याच भाबडेपणात हुकूमशाहीला सोयीस्कर असे काही पाहिले. हे आक्षेप बरोबर आहेत.

पण गोष्ट विस्कळीत आहे, पात्रांच्या वागण्याला कारण नाही, हा दुसरा आक्षेप मात्र थेआवर अन्याय करणारा आहे. कारण टीकाकारांपैकी बहुतेकांनी तिने लिहिलेली गोष्ट पाहिलीच नव्हती. उफा कर्जात होती, अमेरिकन कंपन्यांशी तिचा करार झाला होता, आणि अमेरिकेत दाखवण्यासाठी चॅनिंग पोलॉक या नाटककाराकडे चित्रपट कापायला दिला गेला. सुमारे पाव भाग गेला. त्यात हेल गेली. हेल ही फ्रेडरसनची मृत पत्नी, फ्रेडरची आई. तिच्यावर मूळ प्रेम रोटवांगचे होते. ती फ्रेडरसनकडे गेली आणि फ्रेडरला जन्म देताना वारली. रोटवांगने घरात तिचा भव्य पुतळा उभारला आणि तिलाच परत घडवावे म्हणून यंत्रमानव केला. इंग्रजीत हेल हा शब्द नरकाचा वाचक, म्हणून ते नाव गेले आणि नावाबरोबर पात्रही गेले. एवढे काढल्यावर रोटवांग हा नुसता वेडा शास्त्रज्ञ उरतो. त्याने यंत्र का बनवले, मालकाचा सूड का घ्यावा, मुलाचा द्वेष का करावा, यातले काही कळत नाही. भूमिका पुन्हा क्लाइन-रॉगचीच. जर्मनीतही त्याच वर्षी छोटी आवृत्तीच परत पाठवली गेली. पुढची ऐंशी वर्षे जगाने अशी कणा काढलेली पटकथा पाहिली आणि लेखिकेला दोष दिला.

'मेट्रोपोलिस'नंतरचे दोन मूकपट हलक्या अंगाचे आहेत. १९२८ चा 'हेर' हा वेगवान गुप्तहेरपट. १९२९ चा 'चंद्रावरची स्त्री' थेआच्या कादंबरीवरून, आणि त्यासाठी रॉकेटतज्ज्ञ हेर्मान ओबेर्थचा सल्ला घेतला गेला. रॉकेट उडताना आकडे उलटे मोजायचे, मोठ्यापासून शून्याकडे, ही युक्ती या चित्रपटात पाट्यांवरच्या आकड्यांनी साधली आहे. प्रत्यक्ष अवकाशयाने उडायला लागण्याच्या कितीतरी आधी. चंद्रावर जाणाऱ्या मंडळींत एक शास्त्रज्ञ स्त्री आहे आणि शेवटी मागे राहण्याचा निर्णय ती स्वतः घेते. त्या दिवसांत थेआ गर्भपाताविरुद्धच्या कायद्यात बदल व्हावा म्हणून सभांमधून जाहीर भूमिका घेत होती, हेही इथे नोंदवायला हवे.

ध्वनी आल्यावर तिने लांगसाठी १९३१ चा 'एम' आणि १९३३ चा 'डॉक्टर माबुझचे मृत्युपत्र' लिहिले. दुसऱ्यावर नाझी प्रचारमंत्री गोबेल्सने बंदी घातली. एप्रिल १९३३ मध्ये घटस्फोट झाला, लांगने त्याच वर्षी देश सोडला. थेआ मागे राहिली. योगायोगाने त्याच वर्षी 'प्रभात'चे व्ही. शांताराम 'सैरंध्री'च्या रंगीत प्रतींसाठी जर्मनीत आले होते, आणि जर्मन स्टुडिओत पाहिलेल्या प्रकाशयोजनेची छाया १९३४ च्या 'अमृतमंथन'वर पडली.

थेआच्या आयुष्यात तेव्हा एक मराठी माणूस आला होता. बेळगावजवळच्या बेळगुंदीचे अयी तेंडुलकर शिक्षणासाठी युरोपात गेले आणि बर्लिनमध्ये पत्रकार झाले. वयाने ते तिच्यापेक्षा बरेच लहान. नाझी राजवटीत अशा विवाहाला मान्यता मिळणे शक्य नव्हते, म्हणून दोघांनी तो गुपचूप केला. बर्लिनमधल्या हिंदी विद्यार्थ्यांना ती मदत करत असे. महायुद्ध जवळ आले तेव्हा तेंडुलकर मायदेशी परतले. इंग्रजांनी त्यांना तुरुंगात टाकले. पुढे स्वातंत्र्य चळवळीतल्या इंदुमती गुणाजी यांच्याशी त्यांचे १९४५ साली लग्न झाले. ते लावून दिले गांधीजींनी, वर्षानुवर्षे थांबायची अट घालून. तेंडुलकर आणि इंदुमती यांच्या मुलीने या तिघांची हकिगत इंग्रजी पुस्तकात सांगितली आहे. पंधरा-वीस वर्षांपूर्वी न पाहिलेल्या हिंदुस्थानावर कादंबरी लिहिणारी लेखिका अशी एका खऱ्या हिंदी माणसाशी बांधली गेली. त्याच कादंबरीवर रिखार्ट आइखबेर्गने १९३८ साली पुन्हा चित्रपट केला तो हिंदुस्थानात येऊन.

हिंदी माणसावर प्रेम करणारी ही स्त्री नाझी पक्षाची सदस्य होती. हिटलरच्या राज्यात तिने सतत काम केले. दोन चित्रपटांचे दिग्दर्शन केले, अनेक पटकथा लिहिल्या. त्यांत फाइट हार्लानच्या १९३७ च्या 'सत्ताधीश' या नेतृत्वपूजक चित्रपटाचाही समावेश आहे. पक्षात आपण गेलो ते हिंदी लोकांना मदत करता यावी म्हणून, असे तिने युद्धानंतर सांगितले. मदत तिने केली असेल, केलीही. पण ज्यू सहकाऱ्यांना त्याच स्टुडिओंतून हाकलले जात होते तेव्हा ती तिथेच बसून लिहीत होती, आणि या स्पष्टीकरणाने ते पुसले जात नाही. तिची बाजू घेताना ही गोष्ट झाकणारे आणि तिच्या या पापासाठी आधीच्या पंधरा वर्षांचे श्रेय काढून घेणारे, दोघेही इतिहासाची मोडतोड करतात.

१९४५ साली इंग्रजांनी तिला श्टाउम्यूले येथील छावणीत ठेवले. सुटल्यावर ती बर्लिनमध्ये उद्ध्वस्त घरांचे राडेरोडे उचलणाऱ्या बायकांत सामील झाली. पुढे थोडे लिहायला मिळाले. १९५१ चा 'डॉक्टर होल' तिने लिहिला. १९५४ च्या उन्हाळ्यात बर्लिनमध्ये 'थकलेला मृत्यू' पुन्हा दाखवला गेला. त्या खेळाला ती हजर होती. बाहेर पडताना ती पडली, आणि १ जुलै १९५४ रोजी तिचे निधन झाले.

लांग अमेरिकेत मोठा झाला. पुढच्या समीक्षेने दिग्दर्शकालाच चित्रपटाचा कर्ता मानले, मुलाखती त्याच्याच घेतल्या गेल्या, आणि चित्रपटातले जे चांगले ते लांगचे, जे भाबडे ते बायकोचे, अशी वाटणी रूढ झाली. ही वाटणी टिकत नाही. भिंत, मेणबत्त्या, शिवलेली खूण, जमिनीखालचे शहर या गोष्टी आधी पटकथेत बांधल्या गेल्या आणि मग पडद्यावर आल्या.

२००८ साली ब्युनॉस आयरिसच्या चित्रपट संग्रहालयात 'मेट्रोपोलिस'ची सोळा मिलिमीटरची झिजलेली प्रत सापडली. कापलेल्या भागांपैकी सुमारे पंचवीस मिनिटे तिच्यात शिल्लक होती. कोणते दृश्य कुठे बसते हे ठरवायला चित्रपटाचा संगीतकार गॉटफ्रिड हुप्पर्ट्झ याच्या संगीताच्या वहीतल्या खुणा आणि पटकथेची त्याच्याच संग्रहातली प्रत कामी आली. दृश्ये तिने लिहिलेल्या क्रमाने परत लावली गेली. १२ फेब्रुवारी २०१० रोजी बर्लिनमध्ये तो चित्रपट दाखवला गेला तेव्हा रोटवांगच्या घरातला पडदा बाजूला झाला आणि हेलचा पुतळा पुन्हा दिसला.